काशिनाथदादांचं थंड पाणी

भर जानेवारीत कानाला मफलर, नाकाला रुमाल, आणि "वयनी, पानी ठंडा हाय ना?" असं विचारत दारात उभा राहणारा माणूस पाहिलाय कधी? आम्ही रोज पाहायचो. काशिनाथदादा, कामतघरच्या आमच्या चाळीतले शेजारी.

दादांची उभी हयात कापडाच्या लूमवर गेली. तिथल्या उकाड्याने घशात जी आग लागली, ती काम सुटल्यावरही विझली नाही, असं त्यांचं म्हणणं. खडखडाटाने कानही गेलेले, त्यामुळे त्यांचं कुजबुजणं अख्ख्या चाळीला ऐकू जायचं. ग्लास दिला की आधी गालाला लावायचे. गाल शहारला तरच तोंडाला. माठातलं पाणी त्यांच्या लेखी आंघोळीचं. चहा विचारला तर, "कशाला जीव जालता?" माझा मेलीचा थंड पाण्याने लगेच घसा धरतो, आणि नशिबी शेजार हा!

लोडशेडिंगमध्ये तर कहर. वीज गेली की चाळ लूम बंद म्हणून हळहळायची. दादा मात्र आमच्या फ्रीजसमोर स्टूल टाकून पहारा द्यायचे. "दार खोलू नका, ठंडक जाते!" माझ्याच स्वयंपाकघरात मला दूध काढायची चोरी.

तहान भागली तरी उठायचे नाहीत. दुसरा ग्लास, तिसरा ग्लास, मधे लूमच्या गप्पा, मग वारलेल्या बायकोच्या हातचं सुकटीचं कालवण, मग काल्हेरला नव्या फ्लॅटमध्ये राहायला गेलेल्या मुलाचं कौतुक.

आम्ही नवा फ्रीज घेतला तेव्हा ह्यांनी जुना दादांना देऊन टाकला. "घ्या, आता घरबसल्या बर्फ खा!" दादा हसले, पण कसनुसे.

त्यानंतर आलेच नाहीत. सुटले बाई, म्हटलं मी. पण दुपार कलली की कान आपले दाराकडे. आठवडाभराने वैतागून मीच गेले.

दादांचा फ्रीज बाटल्यांनी गच्च भरलेला. दादा खाटेवर, समोर भरलेला ग्लास.

"काय हो, फ्रीज मिळाला आणि माणसं नकोशी झाली?"

"आता कंच्या तोंडाने येऊ, वयनी? पानी घरातच हाय." ग्लासकडे बघत राहिले. "ठंडा हाय. पन एकट्याला जात न्हाय."

नुसतं 'या' म्हटलं असतं तर 'येतो, येतो' म्हणाले असते आणि आले नसते. कारणाशिवाय कुणाची पायरी चढणाऱ्यातले नव्हतेच ते.

"दादा, आमचा नवा फ्रीज बंद पडलाय. पाणी मागायला आलेय मी."

दादा ताडकन उठले. "नवा? आनि बंद? हाड्!" एक बाटली गालाला लावली, परत ठेवली, दुसरी काढली. "तुम्ही व्हा पुढे. मी घेऊन येतो."

मी पळत घरी आले आणि फ्रीजचा प्लग ओढला.

मग तो रोजच ओढू लागले. दादा दुपारी बाटली घेऊन यायचे, मोठ्याने विचारायचे, "मेकॅनिक आला का?"

"कुठला येतोय मेला!"

खूश होऊन ते खुर्चीत बसायचे आणि पहिला ग्लास मला भरून द्यायचे. मी तो आधी गालाला लावायचे.

"ठंडा हाय हो, दादा," म्हणायचे, आणि गटागटा पिऊन टाकायचे.