थोपटणारा हात

वॉशिंग मशीन दुरुस्त करणाऱ्या कंपनीच्या काउंटरवर एक धिप्पाड गृहस्थ तावातावाने ओरडत होता आणि काउंटरमागची बाई त्याचा खांदा थोपटत होती.

आपण काय करतोय हे तिला स्वतःलाही जरा उशिराच कळलं. बाळंतपणाची रजा संपवून ती नुकतीच कामावर आली होती. बाळ रांगायला लागलं होतं, पण झोपायचं अजून मनावर घेत नव्हतं. कुठलाही चढा आवाज कानावर पडला की तिचा उजवा हात आपणहून उठायचा आणि जे समोर येईल ते थोपटायचा. सकाळी मिक्सर थोपटून झाला होता.

"झालं, झालं, उगी," ती म्हणाली.

गृहस्थ चपापला. मग त्याचा आवाज हळूहळू खाली आला. "किती फोन केले हो मी," तो मुसमुसला आणि त्याने काउंटरवर डोकं टेकलं.

ते पाहून मागचा माणूस, मशीन धडधाकट असूनही, ओरडायला लागला. दुसऱ्या दिवशी रांग दाराबाहेर गेली. साहेब तरातरा केबिनमधून आले.

"बाई, हे दुरुस्ती केंद्र आहे की पाळणाघर?"

संतापले की साहेबांचा आवाज चिरकायचा. तो चिरकला. तिचा हात उठला. साहेबांचे डोळे क्षणभर मिटले. उघडले तेव्हा सगळं ऑफिस बघत होतं.

"सोमवारी बऱ्या होऊन या," ते जमिनीकडे बघत म्हणाले. "नाहीतर गोदामात बसा."

गोदामात माणसं नव्हती. तिला ही ओरडणारी माणसं हवी होती. त्यांच्याशी निदान पूर्ण वाक्यांत बोलता यायचं.

"कर्णथोपटी," डॉक्टरांनी तिचे कान तपासून निदान केलं. "फार काळ रडणं ऐकलं की होते. आवाज कानातून थेट हातात जातो."

"आणि मेंदू?"

"तो वाटेत लागतच नाही. झोपलेला असतो बिचारा. औषध एकच, सलग झोप."

"मेडिकलमध्ये मिळेल?" नवऱ्याने विचारलं.

रविवारी दुपारी नवऱ्याने मोहीम हाती घेतली. पडदे ओढले, तिच्या कानात कापूस घातला, दार लावलं. बाळाला सासूबाईंनी बाहेरच्या खोलीत नेलं. बाळाने टाहो फोडला. आत ती भिंत थोपटू लागली.

दार किलकिलं करून नवरा डोकावला. "लागली का गं झोप?"

"लागत होती."

जरा वेळाने तो थेट तिच्या उशाशी आला. "आता?"

"अरे, झोपू दे की तिला!" सासूबाई दाराशी येऊन इतक्या जोरात ओरडल्या, की तिचा हात नवऱ्याच्या पोटावर जाऊन थोपटू लागला. तो तिथेच कलंडला आणि घोरायला लागला.

सासूबाईंनी त्याला हलवून उठवलं आणि ओढत बाहेर काढलं. "हे काही माझ्याकडे राहत नाही गं," असं म्हणत बाळ तिच्या शेजारी ठेवून त्याही गेल्या.

उद्या सोमवार. ती छताकडे बघत राहिली आणि मग तिला रडूच फुटलं. चांगलं मोठ्याने, हुंदके देऊन. इतके महिने घरात रडायचा मान एकट्या बाळाचा होता.

बाळ गप्प झालं. आपल्याशिवाय इथे कोण रडतंय, म्हणून त्याने मान वळवून पाहिलं. त्याचा ओला, गुबगुबीत हात उठला आणि तिच्या गालावर पडला. धप. पुन्हा धप. ताल नव्हता, नेम तर नव्हताच; एकदा डोळ्यात बोट गेलं. हुंदके विरत गेले. श्वास लांबला.

उन्हं कलली तरी आतून आवाज येईना. नवऱ्याने घाबरून दार ढकललं. ती गाढ झोपली होती. बाळही झोपलं होतं, पण त्याचा हात अजून तिच्या गालावर मंद मंद हलत होता.

"आई, बाळालाही लागण झाली! डॉक्टरांना फोन करू?"

सासूबाईंनी त्याच्या हातातला फोन काढून घेतला आणि दार अलगद ओढलं.

"त्याचं काय ते उद्या बघू," त्या कुजबुजल्या. "आज त्याला बरं करू नकोस."