सफरचंदं कुणासाठी?

नृसिंहरावांच्या टेबलाच्या खणात एक पत्र उन्हाळ्यापासून पडून होतं. त्यांनी उत्तर दिलं नव्हतं, पण उत्तर लिहायला ते रोज बसत होते. निळं हवाई पत्र पुढ्यात घेत, 'प्रिय रूथ' एवढं लिहीत आणि पुढचं वाक्य इंग्रजीत बरोबर होईल की नाही या विचारात चहाची वेळ होई. सगळी नोकरी हायस्कूलच्या ग्रंथालयात गेलेली. पुस्तकं देता-घेताना बोलावं लागत नाही, हीच त्या नोकरीची गोडी होती. जन्मात एक तास शिकवला नाही, तरी बेलापूरचे लोक त्यांना मास्तर म्हणत. तसं नाही हे सांगायला बोलावं लागलं असतं, म्हणून तेही राहून गेलं.

रूथ ही त्यांची सून. शामकांत शिकायला अमेरिकेत गेला आणि तिथंच लग्न करून मोकळा झाला. ती बातमी आली तेव्हा विजयाबाईंनी चार बायकांच्या देखत सांगून टाकलं होतं, की मला सून नाही आणि तिच्या रीतीचा घासही या घरात शिजणार नाही. रूथची रीत बेलापूरपर्यंत चालून येण्याची तेव्हा काहीच चिन्हं नव्हती. पण शब्द गेला तो गेला.

आणि उन्हाळ्यात नेमकी तिची रीत पाकिटातून आली. शामकांत सणावारी गप्प गप्प होतो, असं तिनं लिहिलं होतं. म्हणून तिनं आपल्या आईच्या पद्धतीनं ॲपल पाय, म्हणजे मैद्याच्या पारीत सफरचंदाच्या फोडी भरून करतात तो गोड पदार्थ, भाजला. तो म्हणतो की आई सगळ्यावर खोबरं पेरते, म्हणून वर खोबरंही पेरलं. त्यानं खाल्लं आणि म्हणाला, चांगलं आहे, पण आईच्या हातची चव नाही. 'माझं काय चुकतं ते मला कळत नाही. सोबत कृती पाठवते. आईंनी एकदा करून पाहावं आणि काय कमी आहे ते मला कळवावं.'

नृसिंहरावांनी पत्र वाचून दाखवलं तेव्हा विजयाबाई तांदूळ निवडत होत्या. "मी हे जन्मात केलं नाही," त्या म्हणाल्या. "मग माझ्या हातची चव त्यात येणार कुठून? ठेवा ते खणात."

खाल्ल्याशिवाय चव कळवायची कशी, आणि खोटं लिहायचं कसं? या दोन प्रश्नांत दिवाळी होऊन गेली. मग शामकांतचं चार ओळींचं पत्र आलं. शेवटी जाताजाता लिहिल्यासारखं लिहिलं होतं, 'रूथ पूर्वी रोज टपालाची पेटी उघडून पाहायची. आता पाहत नाही.'

ती ओळ नृसिंहरावांनी बायकोला वाचून दाखवली नाही. दुसऱ्या दिवशी जेवणं झाल्यावर त्यांनी टोपी घातली, जाळीची पिशवी घेतली आणि वाचनालयात जातो असं सांगून श्रीरामपूरची एसटी धरली.

ते साल दुष्काळाचं. रेशनवर तांबडी ज्वारी, विहिरींचे तळ दिसायला लागलेले. अशा साली सफरचंद घेणारा माणूस एकच असतो, ज्याच्या घरी कुणीतरी अंथरुणाला खिळलेलं आहे. एरवीसुद्धा त्या भागात सफरचंद हे फळ नसून औषधच. म्हणून ते मिळेही दवाखान्याच्या फाटकासमोरच्या गाडीवर. गाडीवाल्यानं तोलता तोलता हळव्या आवाजात विचारलं, "पेशंट बाई आहे का माणूस?" नृसिंहरावांना त्यातलं काही सांगायचं नव्हतं. ते खाकरले. गाडीवाल्यानं समजून घेतलं आणि एक सफरचंद वर टाकलं.

परतीच्या एसटीत पिशवी मांडीवर ठेवून बसल्यावर त्यांच्या लक्षात आलं, की जाळीच्या पिशवीतून सगळं दिसतं. शेजारच्या बाकावर त्यांच्याच आळीतल्या गोजरबाई होत्या. त्यांनी सफरचंदांकडे पाहिलं, मग मास्तरांच्या चेहऱ्याकडे पाहिलं. उन्हातून फिरल्यामुळे तो उतरलेला होताच.

"मास्तर, बाईंना बरं न्हाई का?"

नृसिंहरावांनी मान हलवली. ती 'हो' म्हणून हलली की 'नाही' म्हणून, हे त्यांनाही सांगता आलं नसतं. गोजरबाईंनी पदर डोळ्याला लावला आणि बेलापूर येईपर्यंत त्या एक शब्द बोलल्या नाहीत. गोजरबाई एवढा वेळ बोलत नाहीत याचा अर्थ नृसिंहरावांनी ओळखायला हवा होता. पण गप्प बसणाऱ्या माणसाविषयी त्यांना लहानपणापासून आदर वाटे.

घरी सफरचंदं पाहून विजयाबाईंच्या हातातली वाटी खाली आली.

"काय झालंय तुम्हाला? दवाखान्यात गेला होतात ना? काय म्हणाले डॉक्टर?"

"अगं, कुठं काय..."

"लपवू नका माझ्यापासून."

त्यांनी लपवलं नाही. पाय, पत्र, शामकांतची ती ओळ, सगळं सांगितलं. विजयाबाईंनी वाटी उचलून जागेवर ठेवली. नवरा धडधाकट आहे याचा आनंद आणि त्यानं जिवाला घोर लावला याचा राग, दोन्ही उतरायला वेळ लागला. मग म्हणाल्या, "रोज पेटी उघडायची?"

"हो."

"वेडीच आहे." आणि उठून त्यांनी मैद्याचा डबा काढला. "दार लावून घ्या. कुणाला कळता कामा नये. त्या दिवशी चौघींपुढे बोलून बसलेय मी."

दार लावून कृतीचं वाचन सुरू झालं. दोन कप मैदा. कप कुठला, हे रूथनं लिहिलं नव्हतं. आपल्या घरातल्या कपात तिकडची माणसं बहुतेक औषध पीत असतील, असं विजयाबाई म्हणाल्या आणि मग करंजीच्या अंदाजानंच तुपाचं मोहन घालून पीठ मळायला बसल्या. साखर मात्र पत्रातली, चमचा मोजून. नृसिंहराव सफरचंद चिरत होते. त्यांच्या फोडी पाहून विजयाबाईंनी सुरी काढून घेतली आणि त्यांना नुसतं उभं राहायला सांगितलं.

तेवढ्यात दारावर थाप पडली. गोजरबाई होत्या, आणि त्यांच्यामागे आळीतल्या आणखी दोघी. एसटीतली मान गावभर पोचली होती.

सांगून टाकणं सोपं होतं. आजारी कुणी नाही, सुनेनं कळवलेला पदार्थ करतोय, एवढंच. नृसिंहरावांनी तसं सुचवूनही पाहिलं. विजयाबाईंनी एकदा पिठाकडे पाहिलं, एकदा दाराकडे पाहिलं.

"आजारी म्हणा," त्या हलक्या आवाजात म्हणाल्या. "सुनेपुढं मान तुकवली म्हणण्यापेक्षा आजारी बरी." आणि पिठाच्या हातांनिशी त्या माजघरातल्या कॉटवर जाऊन गोधडीत शिरल्या.

मग संध्याकाळपर्यंत माणसांची रीघ लागली. येणारा प्रत्येक जण काय झालंय ते नृसिंहरावांना विचारी. ते म्हणत, विशेष काही नाही. ते ज्या पडेल आवाजात म्हणत, त्यावरून विशेष नक्की काही असणार असं येणाऱ्याला वाटे. विजयाबाई हात गोधडीबाहेर काढत नव्हत्या. त्यावरून थंडी भरली असल्याचं ठरलं. मनगटाला लागलेला मैदा एकीला दिसला, तेव्हा रंग पार पांढरा पडल्याची बातमी बाहेर गेली. आणि मोकळ्या हातानं कुणी येत नव्हतं. दुष्काळ असो नाहीतर काही असो, मास्तरांच्या बाईंना बघायला जायचं म्हणून लोकांनी कुठून कुठून सफरचंदं पैदा केली होती. कॉटखाली टोपली भरली.

शेवटी शेजारचे काकासाहेब आले. त्यांचा बारमाही ऊस होता आणि दुसऱ्याच्या अडचणीत पुढाकार घेण्याची हौस होती.

"मास्तर, आमी काय परके हाय का? पोराला तार करू. पत्ता काडा."

नृसिंहराव टेबलाच्या खणापुढे जाऊन उभे राहिले. तार गेली तर शामकांत मिळेल त्या विमानानं निघेल आणि येऊन बघेल तर आई पाय भाजतेय. तब्येत उद्यापर्यंत पाहू, मग काय ते ठरवू, असं त्यांनी कसंबसं सांगितलं. काकासाहेबांनी मुदत दिली. उद्या सकाळी येतो, म्हणाले, आणि उतार नसला तर तार जाणार.

दार पुन्हा लागल्यावर गोधडीतून आवाज आला, "खोबरं नाहीये घरात."

खोबरं नव्हतं, पण नारळ होता. गोजरबाई बाईंसाठी मारुतीला नारळ वाढवून आल्या होत्या आणि अर्धी कवड उशाशी ठेवून गेल्या होत्या. प्रसादाचा नारळ असा वापरावा का, यावर नवराबायकोत थोडा खल झाला. खाण्यातच जातोय ना, म्हणून विजयाबाईंनी तो खवला. ॲल्युमिनियमच्या खोल थाळीत करंजीचं पीठ थापलं, त्यात साखर-दालचिनी लावलेल्या फोडी भरल्या आणि वर मारुतीचा नारळ पेरला. थाळी दिसायला बरी दिसत होती. नृसिंहरावांना तेवढ्यानंच दमल्यासारखं झालं.

घरात भाजायची सोय नव्हती. गावात भिमाजीची भट्टी होती. दिवाळीत लोक आपापलं पीठ-तूप घेऊन नानकटाई भाजून आणायला तिथं नंबर लावत. सकाळी पाव निघाल्यावर भट्टी जरा निवते, ती वेळ साधून दुसऱ्या दिवशी नृसिंहराव थाळीवर फडकं झाकून गेले. भिमाजीनं फडकं उचललं.

"हे काय म्हनायचं मास्तर?"

"पथ्याचं आहे," नृसिंहराव म्हणाले. इतका खोटेपणा त्यांनी आयुष्यात एकदम केला नव्हता.

भिमाजीनं पथ्याची थाळी मनापासून भाजली. थोड्या वेळानं तूप, दालचिनी आणि लालसर होत आलेलं खोबरं यांचा वास भट्टीबाहेर पडला आणि पेठेतून चालू लागला. वासामागं काकासाहेब आले. ते तारेसाठी निघालेच होते. आजाऱ्याच्या माणसानं ओझं उचलू नये, म्हणून त्यांनी गरम थाळी उपरण्यात धरून स्वतःच घरी आणली. वाटेत ज्यांनी विचारलं तेही मागोमाग आले. दारात गोजरबाई उभ्या होत्या. त्यांनी थाळीत वाकून पाहिलं.

"ह्यो माजा नारळ," त्या म्हणाल्या. "मारुतीचा परसाद हाय त्यो. समद्यांनी घ्याया पायजे."

 प्रसाद नाही कसा म्हणायचा, आणि प्रसाद एकट्यानं कसा खायचा? नृसिंहरावांनी सुरी आणली. विजयाबाईंनाही गोधडीत एक तुकडा नेऊन दिला. काकासाहेब, गोजरबाई, आळीतल्या बायका, मागोमाग आलेली माणसं, सगळ्यांचे हात पुढे आले. नृसिंहराव वाढत राहिले, आणि वाढता वाढता थाळी खरवडायची वेळ आली. त्यांच्या वाट्याला सुरी उरली.

ओटीवर सगळे शांतपणे चघळत होते. मग काकासाहेबांनी बोटं पुसली.

"मास्तर, राग मानू नका. पन गोडाला जरा कमीच हाय. आन खाली कच्चट लागतंय. कुनी सांगितलं हे आसलं?"

माजघरात कॉट करकरली. गोधडी बाजूला झाली आणि विजयाबाई तरातरा ओटीच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. गालावर कालचा मैदा होता.

"कच्चं काही नाहीये," त्या म्हणाल्या. "आणि साखर माझ्या सुनेनं लिहिलीय तेवढीच घातलीय. चमचा मोजून."

ओटीवर कुणी चघळेना. सून म्हटल्याचं विजयाबाईंच्याही लक्षात आलं असावं, कारण त्यांनी पदर सारखा केला. पण मागं वळायला आता जागा नव्हती.

"सुनंनं?" गोजरबाईंनी सावकाश विचारलं. "त्या तिकडच्या?"

"तिकडची काय अन् इकडची काय. सून ती सून."

"मंग बाई, तुमच्या आजाराचं काय?"

"उतरला," विजयाबाई म्हणाल्या. "प्रसाद खाल्ला ना आत्ता."

गोजरबाईंनी मारुतीच्या देवळाच्या दिशेनं हात जोडले. काकासाहेबांनी तारेसाठी काढलेला कागद खिशात घातला, त्यांच्या तोंडावर थोडी निराशा दिसली. जाताना मात्र दारात थांबून म्हणाले, "वैनी, पुढच्या खेपेला गूळ घालून बगा."

घर रिकामं झाल्यावर विजयाबाई नृसिंहरावांसमोर येऊन बसल्या. "घ्या ते पत्र लिहायला."

"पण मी खाल्लंच नाही. चवीचं काय लिहू?"

"मी खाल्लंय ना. मी सांगते, तुम्ही इंग्रजी करा." आणि त्यांनी सांगायला सुरुवात केली. कृती मिळाली. पाय केला. बरा झाला. गावानं खाल्ला. वेलदोडा घालत जा. मोहन कडकडीत हवं, नाहीतर खाली कच्चट लागतं. इथं नृसिंहरावांनी वर पाहिलं, पण विजयाबाईंनी नजरेला नजर दिली नाही.

"आणि काय कमी आहे म्हणून विचारलंय तिनं," ते म्हणाले.

 विजयाबाईंनी कॉटखालची टोपली पुढे ओढली.

"लिहा, काही कमी नाही. आईच्या हातचंही असंच झालं. त्याला म्हणावं, ती करते ते गुपचूप खा." मग थोड्या वेळानं म्हणाल्या, "आणि कप केवढा ते कळव म्हणावं. सफरचंदं पडलीत ढीगभर."

उन्हाळ्यापासून न जमलेलं पत्र अर्ध्या तासात झालं. दमलेल्या माणसाला शंका काढायलाही बळ राहत नाही, त्याचा तो फायदा. पण पोस्टापर्यंत चालत जाताना बळ परत आलं. कडकडीत मोहन हे इंग्रजीत भलतंच काही तर झालं नसेल ना? 'गुपचूप खा' हे सुनेला उद्धट वाटलं तर? नृसिंहरावांनी पत्र पेटीच्या फटीत घातलं, हातही मनगटापर्यंत घातला, आणि चिमूट सुटेना. एकदा घरी नेऊन पुन्हा वाचावं, असं त्यांच्या मनात आलं.

"मास्तर," मागून गोजरबाईंचा आवाज आला, "पेटीत हात आडाकला का काय?"

नृसिंहराव दचकले आणि त्यांनी मान हलवली, 'हो' म्हणून की 'नाही' म्हणून, देव जाणे. पण मानेबरोबर हातही हलला, आणि आत पत्र पडल्याचा आवाज झाला.