सिलिकेटेतरांची रांग

अठ्ठ्याऐंशी सालातल्या एका रविवारी हरिचंद्र जाधव यांनी चामटोलीहून अंबरनाथ पश्चिमेला एक पाटा नेण्याचा निर्णय घेतला. पाटा सासूबाईंचा होता, रिक्षा सदूची होती आणि निर्णय बायकोचा होता. हरिचंद्रच्या वाट्याला मांडीवर वरवंटा धरून बसण्याचं काम आलं होतं.

अंबरनाथला त्याने नवीन खोली घेतली होती. दुपारी कारखान्यातली मंडळी जेवायला येणार होती आणि मिक्सरमधलं वाटण आपण पाहुण्यांच्या पानात पडू देणार नाही, असं त्याच्या बायकोने, जनीने, जाहीर केलं होतं. सासूबाई राजाबाई म्हणाल्या, "पाटा एकटा न्हाय जायाचा. त्याला माझे हाताची सवय हाय." म्हणून पाट्याबरोबर त्याही रिक्षात बसल्या.

हरिचंद्र कारखान्याच्या हजेरी विभागात कारकून होता. कुणी काही विचारलं की तो खरं सांगत असे. या एका दोषामुळे त्याची बढती मागे राहिली होती. पण त्या रविवारपर्यंत त्यापलीकडे कुणाचं नुकसान झालं नव्हतं.

बदलापूर सोडल्यावर वाटेत नाका लागला. पत्र्याची एक शेड, एक आडवा बांबू आणि वर पाटी: 'गौण खनिज वर्गीकरण व वाहतूक नियंत्रण नाका (तात्पुरता)'. डोंगर पोखरून खडी पळवणाऱ्या ट्रकांना आळा बसावा, म्हणून तो उभारलेला होता. त्याचा कारभारही चोख होता. ट्रकचा हॉर्न लांबून ऐकू आला की बांबू आपोआप वर जाई आणि ट्रक गेला की आदबीने खाली येई. बाकीच्या गाड्यांना मात्र नियमानुसार थांबवून विचारलं जाई, "काही खनिज?" लोक म्हणत, "नाही," आणि निघून जात.

"काही खनिज?" शिपायाने रिक्षात डोकावून विचारलं.

"हो," हरिचंद्र म्हणाला. "पाटा आहे. आणि वरवंटा."

शिपाई तोंडातली सुपारी चावायचा थांबला. सदूने आरशातून हरिचंद्रकडे बघितलं. "काय भाऊ! बोलायचं ना, नाय म्हणून! खालीपिली लफडा."

शेडमधून निरीक्षक धोंडिबासाहेब स्वतः बाहेर आले. नाका सुरू झाल्यापासून कुणी आपण होऊन कबूल केलेलं हे पहिलंच खनिज होतं. साहेब इतके भारावले, की त्यांनी हरिचंद्रशी हस्तांदोलन केलं आणि मग रिक्षा बाजूला घ्यायला लावली.

"सिलिकेट की सिलिकेटेतर?" साहेबांनी विचारलं.

"चटणी वाटायचा आहे," हरिचंद्र म्हणाला.

"उपयोग नाही विचारला, वर्ग विचारला. हे बघा, जगातल्या सगळ्या खनिजांचे दोन वर्ग. एक सिलिकॉन मधे, चार ऑक्सिजन भोवती, अशी चौकडी ज्याच्यात असते ते सिलिकेट. पृथ्वीच्या पाठीवर बहुसंख्य तेच. उरलेले सगळे सिलिकेटेतर. सिलिकेटांत पुन्हा शिस्त आहे. काही चौकड्या सुट्या राहतात, काही साखळी धरतात, अभ्रकासारखे काही थर करून राहतात, आणि गारगोटीसारखे काही चहूबाजूंनी एकमेकांना धरून असतात. सिलिकेटेतरांत मात्र सगळी भेसळ: संगमरवरातलं कॅल्साइट, मीठ, जिप्सम, लोखंडाचा गंज, सोनं. कुणाचा कुणाशी संबंध नाही."

"मंग माझा पाटा त्या पयल्यांत घाला न् सोडा आम्हाला," राजाबाई म्हणाल्या.

"तसं घालता येत नाही, आजी. पाटा हे खनिज नव्हे, खडक आहे. खडक म्हणजे खनिजांची सोसायटी. प्रत्येक सभासदाची वेगळी नोंद लागते."

साहेबांनी खिशातून भिंग काढलं आणि पाट्यावर ओणवे झाले. काळ्या दगडातले बहुतेक सभासद सिलिकेट निघाले. पण मधेमधे पांढरे ठिपके होते. ठिपका जर कॅल्साइटचा असेल तर तो सिलिकेटेतर. त्यावर आम्ल टाकलं की फसफसतो. कार्यालयाकडे आम्ल मंजूर होतं, पण आलं नव्हतं. राजाबाईंच्या पिशवीत पाहुण्यांसाठी आणलेली लिंबं होती. शासकीय कामासाठी ती ताब्यात घेण्यात आली. बरीचशी लिंबं पिळून झाल्यावरही ठिपका फसफसला नाही.

"झिओलाइट!" साहेब आनंदाने म्हणाले. "म्हणजे सिलिकेटच. अभिनंदन."

हरिचंद्रला उगाचच बरं वाटलं.

"फक्त एक अडचण आहे. झिओलाइटच्या आत पाणी असतं. त्यामुळे पाणीपुरवठा खात्याचा ना-हरकत दाखला लागेल. त्यांचं कार्यालय रविवारी बंद असतं."

"साहेब, दुपारी पाहुणे आहेत," हरिचंद्र म्हणाला.

"पाहुणे सेंद्रिय आहेत. ते आमच्या अखत्यारीत येत नाहीत."

मग साहेबांनी पाट्यावरून बोट फिरवून ते चाटलं. वर्षानुवर्षांची चटणी पाट्यात मुरलेली होती. साहेबांचा चेहरा गंभीर झाला. मीठ! हॅलाइड वर्ग! सिलिकेटाच्या पोटात लपवून सिलिकेटेतराची वाहतूक! आता झडती घेणं भागच होतं. सदूच्या रिक्षाचा आरसा तपासला, पण काचेच्या आत रचनाच नसल्याने ती खनिज ठरत नाही, म्हणून आरसा सुटला. राजाबाईंच्या डबीतला चुना भट्टीत तयार केलेला निघाला, तोही सुटला. मात्र त्यांच्या कानातल्या सोन्याच्या बुगड्या सापडल्या.

"सोनं म्हणजे मूलद्रव्य. शुद्ध सिलिकेटेतर," साहेब म्हणाले. "आजी, तुम्ही त्या रांगेत."

रांगा दोन होत्या. सिलिकेटांसाठी आंब्याखाली बाक होतं आणि पाण्याचा माठ होता. सिलिकेटेतरांसाठी नाल्याच्या कडेला ऊन होतं. यात भेदभाव काहीच नव्हता. सिलिकेटं बहुसंख्य असल्यामुळे आंबा त्यांच्याकडे गेला होता, इतकंच. उन्हात उल्हासनगरचे टेकचंदशेठ आधीपासून उभे होते. त्यांच्या टेम्पोत देवघरासाठी संगमरवराच्या लाद्या होत्या.

"मी तर आपण होऊन बोललोच नाय, साईं," शेठ राजाबाईंना म्हणाले. "एक लादी दिसली बाहेरून. पुरा धंदा उन्हात आला."

पाट्यात सिलिकेटं बहुसंख्य, म्हणून हरिचंद्र पाटा घेऊन आंब्याखाली बसला. बाकावर मातीची मडकी नेणारा एक जण आणि गारगोट्यांची माळ घातलेले एक गृहस्थ होते. त्यांनी सरकून जागा दिली. "बसा. आपल्यातलेच ना?" गृहस्थांनी विचारलं. पुढे ते असंही म्हणाले, की गारगोटीला काही शत्रू ऑक्साइडांत, म्हणजे सिलिकेटेतरांत, ढकलू पाहतात, पण आपण ते होऊ देणार नाही.

हरिचंद्रला आजवर कुणी असं सरकून बसायला दिलं नव्हतं. त्याच्या आजोबांना गावच्या पाणवठ्यावर लांब उभं राहून ओंजळ पुढे करावी लागे. ती गोष्ट तो दरवर्षी वस्तीतल्या जयंतीच्या सभेत सांगत असे, आणि सांगताना त्याचा आवाज चढत असे. आता त्याने पाय जरा लांब केले. वारा छान येत होता. सिलिकेटांचं एक बरं असतं, असं त्याच्या मनात आलं, शिस्त असते.

"जावईबापू," उन्हातून राजाबाईंनी हाक मारली. "वाईच पानी द्या वो."

हरिचंद्र उठला. त्याने माठातून तांब्या भरला. तेवढ्यात शेडमधून धोंडिबासाहेबांचा आवाज आला, "माठ मातीचा आहे हं! माती म्हणजे थराचं सिलिकेट."

गृहस्थांनी माळ चाचपली. मडकीवाल्याने मान हलवली. हरिचंद्र तांब्या हातात धरून मधल्या मधे थांबला. त्याने सासूबाईंकडे बघितलं, मग बाकाकडे बघितलं. आपली जागा कुणी घेईल की काय, असं त्याला वाटलं. मग त्याने तांब्या माठावर परत ठेवला आणि हळूच बसला.

"नियम आहे, मामी," तो म्हणाला. "होईलच आता."

राजाबाईंनी शांतपणे दोन्ही कानांतल्या बुगड्या काढल्या, रस्ता ओलांडून आंब्याखाली आल्या आणि बुगड्या हरिचंद्रच्या शर्टाच्या खिशात टाकल्या.

"साहेब!" त्या ओरडल्या. "माझेकडं आता काय सोनं न्हाय. जावयाकडं हाय. पाटा माझा हाय."

धोंडिबासाहेबांनी बाहेर येऊन खात्री केली. नियम स्पष्ट होता. हरिचंद्रला उन्हात जावं लागलं. राजाबाई बाकावर बसल्या, त्यांनी एक तांब्या स्वतः प्यायला आणि दुसरा भरून थेट उन्हात नेला. आधी टेकचंदशेठना दिला, मग रिक्षापाशी तापत उभ्या सदूला, आणि तळाशी राहिलेलं जावयाला.

"आजी, हे चालणार नाही!" साहेब म्हणाले.

"का? पानी कंच्या वर्गात हाय?"

साहेबांनी पुस्तक काढलं. बर्फ हे सिलिकेटेतर खनिज असल्याचं त्यात दिलं होतं, पण पाणी द्रव असल्याने कुठेच नव्हतं. ते पानं उलटत असतानाच लांबून हॉर्न ऐकू आला. बांबू वर गेला. खडीने शिगोशीग भरलेला ट्रक धुरळा उडवत गेला, पाठोपाठ दुसरा गेला, पाठोपाठ तिसरा.

"यांचं वर्गीकरण?" हरिचंद्रने उन्हातून विचारलं.

"त्यांचं वरूनच होऊन येतं," साहेब म्हणाले आणि त्यांनी घड्याळ बघितलं. जेवणाची सुट्टी झाली होती. सुट्टीत नाका बंद असे आणि नाका बंद असताना कुठलीही वस्तू खनिज मानली जात नसे. शिपायाने बांबू वर बांधला आणि डबा उघडला. सदूने रिक्षाला किक मारली.

वाटेत राजाबाईंनी हात पुढे केला. हरिचंद्रने मान खाली घालून बुगड्या परत दिल्या.

"ऊन लागलं का?" त्यांनी विचारलं.

"थोडंसं."

"लागूं द्या," राजाबाई म्हणाल्या.

घरी पोहोचेस्तोवर पाहुण्यांनी निम्मं जेवण कोरडंच संपवलं होतं. जनी दारातच कडाडली. पण राजाबाई हातपाय न धुता पाट्यापुढे बसल्या, आणि सुक्या बोंबलाची चटणी पानात पडल्यावर मंडळींनी भात नव्याने मागून घेतला. हरिचंद्रने नाक्याची हकिगत रंगवून सांगितली. तांब्याचा भाग त्याने गाळला. तो राजाबाईंनी सांगितला. मंडळी पोट धरधरून हसली आणि हरिचंद्रही हसला. कान मात्र लाल झाले होते.

पुढे सरकारला नाक्याची निरर्थकता पटली आणि नाका उठला. वर्गीकरण मात्र उठलं नाही. ते आता लोकांच्या सवयीचं झालं होतं. हरिचंद्रच्या सोसायटीत कुणी खोली बघायला आला की कमिटी आधी नाव विचारी, मग आडनाव, आणि मग सहज विचारी, "खाली काय टाकणार?" ग्रॅनाइटवाले सिलिकेट म्हणून पुढच्या खुर्च्यांवर बसू लागले. शहाबादी फरशीवाले सिलिकेटेतर म्हणून पाण्याच्या टाकीजवळ उभे राहू लागले. मग तीन बड्या सभासदांनी संगमरवर बसवला. शास्त्राने तोही सिलिकेटेतरच होता, म्हणून तातडीची सभा बोलावून संगमरवराला 'मानद सिलिकेट' करण्यात आलं. चामटोलीच्या राजाबाईंची सारवलेली जमीन निव्वळ मातीची, म्हणजे शंभर नंबरी सिलिकेट, असा मुद्दा हरिचंद्रने मांडून पाहिला. कमिटीने तो नोंदवून घेतला आणि सांगितलं, की तसं सिलिकेट आम्ही मोजत नाही.

लग्नाच्या बोलण्यांत, भाड्याच्या खोल्यांत, हळदीकुंकवाच्या आमंत्रणांत हल्ली हे वर्गीकरण इतकं मुरलं आहे, की ते कधी आलं याची कुणाला आठवणही नाही. तुम्ही अर्थातच यातलं काही मानत नाही. आपल्या पायाखाली काय आहे, हे तुम्ही वाचताना एकदाही वाकून बघितलं नसेल. शेजाऱ्यांकडे काय आहे, ते मात्र तुम्हाला न वाकता आठवलं.