न सर केलेल्या मुसळ सुळक्याची कैफियत

श्री. कढईवरील झाकण खण्णकन पडले, दोन प्रहरची सामसूम मोडली, चिरंजीवांनी कूस पालटिली आणि कृपा करून पुन्हा निजले. तेवढी सवड साधोन लेखणी धरिली. शके एकोणीसशे सत्तेचाळीस, विश्वावसुनाम संवत्सर, माघमासी मुसळ सुळक्यावर मोहीम जाहली, तिचे वर्तमान ऐसे जे, माथ्यास माणसाचा पाय कधी लागला नव्हता, आणि कडेचढ्यांचा रिवाज ऐसा की जो प्रथम चढेल त्याने आपल्या मेखा खडकातच ठेवाव्या, मागल्यांनी त्या धरोन यावे, आणि वाटेस पहिल्याचे नाव पडावे. त्या नावासाठी सरदार अवंतिकाबाई भांगरे वर्षानुवर्षे झुरत होत्या. राज्याचे कारभारी यांनीही मसलत केली की बाईंच्या मेखा बसल्या म्हणजे त्यांसच शिड्या जोडाव्या, जत्रा भरवावी, वर भजी विकावी. आणि ताशे, हार घेऊन पायथ्याशी उभे राहिले; कडेचढ्यांची इतर पथकेही आपापले दोर घेऊन पाहावयास जमली.

मग बाई मेखा ठोकीत चढो लागल्या आणि मकरंदपंत, देहाने भारी म्हणोन दोर धरण्याचे मानकरी, खाली पाय रोवोन राहिले. माथा दोन हात उरला आणि बाई थबकल्या. पंत ओरडले, "काय गं अवंते, झोप लागली का?"

"हळू बोल, मक्या! गिधाडाचं घरटं आहे. आत पिल्लू आहे."

"मग बाजूनं जा ना! दोन हात तर राहिलंय!"

"मी जाईन रे. माझ्या मेखा धरून जत्रा येईल, तिचं काय?"

गिधाडीने पंख पसरोन पिल्लू झाकिले, बाईंनी एकवार माथ्याकडे पाहिले, डोळे पुसले आणि माघारी फिरल्या. मग खडकाच्या शिंगास दोर अडकवोन उतरता उतरता आपली एकेक मेख हातोड्याने उपटिली, आणि खाली येऊन दोरही ओढोन घेतला, सुळका होता तैसा कोरा केला. कारभारी संतापले, "बाकीची पथकं काय मेली? जो चढेल, हार त्याचा!" तेव्हा नदीपारचे सरदार विश्राम गावित, ज्यांस बाईंचे नाव निघाले की ठसका लागे, ते पुढे आले, आपल्या दोराचे वेटोळे बाईंच्या पायाशी ठेविले आणि बोलिले, "जिथनं ही माघारी आली, तिथं आम्ही जात नसतो." मग एकामागोन एक सर्वांनी दोर ठेविले, ढीग जाहला, आणि ताशेवाल्यांनी, कोणाचा जय हे न कळताच, ताशे बडविले; कारभारी हार घेऊन मुकाट जीपमध्ये बसले. वैशाखात पिल्लू उडाले, प्रथम दगडासारिखे पडले, मग वाऱ्यावर बसले, आणि खाली पंत लेकरागत रडले.

येणेप्रमाणे मोहीम फत्ते जाहली, सुळका अजिंक्य राहिला. इतके लिहिले तोच चिरंजीव जागे जाहले, मांडीवर येऊन सर्व ऐकिले, आणि पुसते जाहले, "आई, पण मग वरती काय आहे?"