ख्यालीखुशाली आणि ओटीपी

ढवळूच्या मोटारसायकलला पंधरा वर्षं झाली आणि सरकारच्या लेखी ती मेली. ढवळूच्या लेखी ती चांगली ठणठणीत होती. जामसरचा चढ ती खोकत का होईना चढायची, आणि खोकतो म्हणून कोणी म्हाताऱ्याचं नाव रेशनकार्डातून काढत नाही, असं त्याचं म्हणणं. पण नोंदणीचं नूतनीकरण केल्याशिवाय गाडी रस्त्यावर आणायची नाही, असं जव्हारच्या नाक्यावर पोलिसाने समजावलं, तेव्हा तो मुकाट्याने जामसरला वर्षाच्या दुकानात जाऊन बसला. वर्षा गावाची ऑनलाइन कामं करून द्यायची.

तिने गाडीचा नंबर घातला, बटण दाबलं आणि म्हणाली, "काका, ओटीपी आला असेल. फोन बघा."

ढवळूच्या फोनवर काही आलं नव्हतं. येणार कुठून? गाडी घेतली तेव्हा अख्ख्या पाड्यात एकच मोबाइल होता, ढवळूच्या मुलाचा, दिपेशचा. ज्याला ज्याला कागदावर नंबर लिहायची वेळ आली, त्याने तोच लिहून दिला. गाडीला तो, गोजाबाईच्या बँकेला तो, मंगळूच्या गॅसलाही तोच. पुढे दिपेश वसईला कारखान्यात लागला आणि पाड्याचा नंबर त्याच्या खिशात बसून वसईला गेला. आधी तो भाताच्या आवणीला यायचा, शिमग्याला यायचा. मग नुसता शिमग्याला. गेले दोन शिमगे तेही नाही. फोन कामापुरता. ढवळूला पोराची फार आठवण यायची, पण नुसती आठवण येते म्हणून कामावरच्या माणसाला फोन करायचा कसा? त्यासाठी काहीतरी काम लागतं, आणि तेच सापडत नव्हतं.

आता सापडलं. त्याने फोन लावला.

"हां बाबा, बोल."

"जेवलास काय?"

जामसरकडे बोलायची रीत आहे. आधी जेवण, मग पोरंबाळं, मग भात-नाचणी, मग गुरं, आणि काम शेवटी. आल्या माणसाला उंबऱ्यातच काम विचारणं म्हणजे त्याला हाकलणं.

"जेवलो."

"मीना बरी हाय? रुपी शाळंत जाते?"

"बरी हाय. जाते. काम काय हाय, बाबा?"

"सांगतो रं. भात झोडून झाला. तांबडी गाय व्याली."

"कवा?" दिपेशचा आवाज पहिल्यांदाच जरा जागा झाला.

"परवा. गोऱ्हा झाला. कपाळावर चांद हाय त्याच्या."

वर्षा टेबलावर बोटं वाजवत होती. चांद किती मोठा, हे सांगून झाल्यावर ढवळू म्हणाला, "आता तुझ्या फोनात आकडा आला असंल, तो सांग." दिपेशने सांगितला. वर्षाने घातला. आकड्याची मुदत गोऱ्ह्याच्या चांदातच संपून गेली होती.

"काका, आधी ओटीपी विचारा, मग गाय."

"असं कसं? त्याला काय वाटंल?"

दुसऱ्या खेपेला त्याने आटोपतं घेतलं, नुसतं जेवण आणि रुपी. पण तेवढ्यात बँकेत बसलेल्या गोजाबाईचाही ओटीपी दिपेशकडे पोचला. त्याने तोच वाचून दाखवला. ढवळूची गाडी गोजाबाईच्या आकड्यावर काही चालेना. तिसऱ्यांदा चुकल्यावर यंत्राने हात वर केले. "आता उद्या या," वर्षा म्हणाली.

ढवळू दुसऱ्या दिवशी आला, तो पाड्यातल्या चारचौघांना घेऊन. पोरगा फोन उचलतो आहे, तर आपलीही अडलेली कामं उरकावीत, असा सगळ्यांचा विचार. दिपेश कारखान्याच्या दाराशी उभा राहून आकडे वाचत होता, आणि मंगळूचा गॅस झाल्यावर आपणहून म्हणाला, "बाबा, गोऱ्हा कसा हाय?" त्या दिवशी ढवळूचा स्वतःचा आकडा पुन्हा चुकला. त्याच्या पुढच्या दिवशीही चुकला.

वर्षाने मात्र कान टवकारले होते. "काका, तो सात म्हणाला. तुम्ही मला एक सांगितलंत."

"वयानं ऐकू कमी येतं."

"गोऱ्हा दूध पितो, ते बरं ऐकू आलं."

ढवळू हळूच म्हणाला, "काम झालं का मग तो कशाला बोलंल?"

वर्षाला वाईट वाटलं, पण मागे रांग लागली होती. तिने स्वतःच दिपेशला फोन लावला आणि जेवलास का न विचारता आकडा घेतला. क्षणात काम फत्ते. "आता आरटीओच्या कॅम्पला गाडी दाखवा, की पाच वर्षं बघायला नको. आणि थांबा, पुढच्या कामांसाठी तुमचाच नंबर लावून देते. पोराला त्रास नको."

"नको," ढवळू म्हणाला. "त्याचाच असू दे."

कॅम्पात साहेबांनी गाडीचे दिवे बघितले, भोंगा ऐकला आणि गाडी पास केली. ढवळू घरी आला तो पडलेल्या चेहऱ्याने. पोशीने, त्याच्या बायकोने, विचारलं, "गाडी नापास झाली काय?"

"पास झाली," तो सुतकी आवाजात म्हणाला. "पाच वर्षांसाठी."

पाड्यात रेंज नाही. ती मिळते टेकडीवरच्या मोहाच्या झाडाखाली. पुढे कितीतरी संध्याकाळी ढवळू गुरं बघायचं निमित्त करून तिथे जाऊन बसायचा. गुरं खाली गोठ्यात असायची. पोशीला ते ठाऊक होतं. अशाच एका संध्याकाळी फोन वाजला.

"बाबा, जेवलास काय?"

ढवळू दचकला. हे वाक्य त्याचं होतं. "जेवलो. तू?"

"जेवलो. आई बरी हाय? नाचणी किती झाली? गोऱ्हा उंडारतो काय?"

सगळं रीतीने चाललं होतं. ढवळू कामाची वाट बघत राहिला. ते काही निघेना, तेव्हा त्यानेच विचारलं, "काम काय हाय रं?"

"काय नाय. तुमचा ओटीपी येत नाय आता. म्हटलं, सगळी कामं झाली काय?"

ढवळू घाईने आठवू लागला. "धुराचं सर्टिफिकेट बाकी हाय."

"मग काढून घे. आकडा आला का लगेच सांगतो."

"फोनवर नको सांगू. घरी येऊन सांग."

"बाबा, वसईवरनं येईस्तोवर तो जगंल काय?"

"मग हितं येऊन मागव. हितं रेंज हाय."

दिपेश हसला. मग म्हणाला, "रविवारी येतो. रुपीला आणतो, गोऱ्हा बघायचा म्हणते. जव्हारच्या स्टँडावर घ्यायला येशील?"

"येतो की," ढवळू म्हणाला. "गाडी पास हाय."