संवादात नसलेली उसण

सिनेमात वेड्याचं काम मिळालं, तेव्हा लिफ्टवाल्यांनी ती बातमी घरात इतक्या शांतपणे सांगितली की बायकोला वाटलं, कुठेतरी लिफ्ट बंद पडली असेल.

हा शांतपणा म्हणजेच त्यांचा धंदा होता. सगळी हयात लिफ्ट दुरुस्त करण्यात गेलेली. आत अडकलेली माणसं दार बडवत असायची आणि हे बाहेरून संथ आवाजात, काही नाही झालेलं, उघडतोच आहे, म्हणत राहायचे. तो आवाज ऐकून आतल्या माणसाच्या जिवात जीव यायचा. एका जुन्या इमारतीत शूटिंग चाललं होतं, तिथे ते लिफ्टवर ड्यूटीला होते. दिग्दर्शकाने त्यांची बसलेली गालफडं आणि खोल गेलेले डोळे पाहिले आणि तिथल्या तिथे त्यांना एक प्रसंग देऊन टाकला. सिनेमाची गोष्ट अशी, की एका धडधाकट माणसाला त्याचे नातेवाईक वेडा ठरवून कोंडून ठेवतात, आणि तो जितकं शहाण्यासारखं बोलतो तितक्या डॉक्टर माना हलवतात. लिफ्टवाले त्याच्या शेजारच्या कोठडीतले. त्यांनी दार बडवायचं, 'मी वेडा नाही, दार उघडा' म्हणून टाहो फोडायचा, मग डॉक्टर येऊन सुई टोचणार आणि ते कोसळणार. काम एवढंच.

पहिल्या तालमीत लिफ्टवाले हे वाक्य इतक्या समजूतदारपणे बोलले की दिग्दर्शकाने कपाळावर हात मारला. कोंडलेल्या माणसाने बाहेरच्यांना धीर द्यायचा नसतो, असं सांगून त्याने महिन्याची मुदत दिली.

तयारी करून घ्यायचं काम बायकोने अंगावर घेतलं. ती शाळेत शिक्षिका. सगळं जग तिला बाई म्हणायचं, आणि घरी आल्यावरही तिच्यातली बाई काही खुंटीला टांगली जायची नाही. शाळेत शिपायापासून मुख्याध्यापिकेपर्यंत सगळ्यांना तिने सांगून टाकलं होतं की यांचा सिनेमा येतोय. आता नवऱ्याला नापास होऊ देणं परवडण्यासारखं नव्हतं. महिनाभर रोज संध्याकाळी तालीम झाली. आवाज चढला, हातवारे आले, पण रडू काही येईना. शूटिंगच्या आदल्या दिवशी, रविवारी दुपारी, लिफ्टवाल्यांनी शेवटचा उपाय काढला. ते अडगळीच्या खोलीत शिरले आणि बाईंना म्हणाले, "बाहेरून कडी लाव. खरं रडू येईपर्यंत उघडू नकोस. मी काय वाटेल ते सांगेन, घराला आग लागली म्हणेन, तरी विश्वास ठेवायचा नाही."

बाईंनी कडी लावली, दाराशी खुर्ची मांडली आणि उत्तरपत्रिका तपासायला घेतल्या.

सुरुवात बरी झाली. लिफ्टवाल्यांनी दार बडवलं, आक्रोश केला. मग दोन्ही हात वर फेकून छताकडे बघत ओरडायचा भाग आला. हात वर गेले आणि त्याच क्षणी कमरेत अशी सणसणीत उसण भरली की माणूस काटकोनात वाकला तो वाकलाच. कडीपर्यंत हात जाणार कसा, ती तर पलीकडे. त्यांनी बाईंना हाक मारून सांगितलं, की उसण भरली आहे, दार उघड.

"संवादात उसण नाहीये," बाई लाल पेनाने खूण करत म्हणाल्या. "आहे तेच म्हणा."

लिफ्टवाल्यांनी कळवळून सांगितलं की हे नाटक नाही. बाईंना ते आवडलं. आज आवाजात कधी नव्हे तो कंप होता. मग त्यांनी स्वतःला सावरून, नेहमीच्या संथ आवाजात, सगळी परिस्थिती नीट मांडली. त्यावर बाई रागावल्या. आता कुठे जमत होतं आणि पुन्हा तो लिफ्टचा सूर कशाला काढलात, असं म्हणून त्यांनी पुढची उत्तरपत्रिका उचलली. म्हणजे ओरडलं तर शाबासकी आणि शहाण्यासारखं बोललं तर ओरडा. लिफ्टवाल्यांना शेजारच्या कोठडीतल्या त्या नायकाचं दुःख तेव्हा पहिल्यांदा समजलं.

नेमक्या त्याच वेळी खालच्या मजल्यावर नव्याने राहायला आलेल्या सिस्टर, पाणी कधी येतं ते विचारायला वर आल्या. आयुष्यभर वेड्यांच्या मोठ्या इस्पितळात नर्सचं काम करून त्या नुकत्याच निवृत्त झाल्या होत्या. घराचं दार लोटलेलंच होतं. आत पाहतात तर बंद खोलीतून एक पुरुष 'मी वेडा नाही' म्हणून विव्हळतोय आणि दाराशी बसून एक बाई शांतपणे मार्क देतेय.

बाईंनी हसून सिनेमाचं सांगितलं. सिस्टरना ते पटलं नाही. त्यांनी बाईंना बाजूला केलं आणि दाराला तोंड लावून, घाबरू नका, मला खरं काय ते सांगा, असं विचारलं.

इतक्या वेळाने कोणीतरी सरळ विचारल्यावर लिफ्टवाल्यांना भरून आलं. "ताई, मी पूर्ण शुद्धीवर आहे," ते म्हणाले. "मी लिफ्टचा मेकॅनिक. उद्या माझं शूटिंग आहे. डायरेक्टर स्वतः गाडी पाठवणार आहेत. फक्त आत्ता मला सरळ उभं राहता येत नाही."

सिस्टरच्या चेहऱ्यावरचा संशय क्षणात मावळला आणि तिथे अपार माया दाटून आली. नोकरीत त्यांना एक राजा भेटला होता, एक मंत्री भेटला होता. सिनेमातला नट हा पहिलाच. त्यांनी बाईंचा हात हातात घेतला.

"किती दिवस चाललंय हे?"

"महिना झाला," बाई म्हणाल्या. "आधी अगदी शांत होते हो. आता जरा रंगात येताहेत."

"आणि डॉक्टर?"

"ते शेवटी येतात. सुई टोचली की हे गप्प. नाही जमलं तर परत टोचायची, असं ठरलंय."

सिस्टरनी डोळ्यांना पदर लावला. अशा वेळी अंधारात बरं वाटतं, असं सांगून त्यांनी जाता जाता खोलीचा दिवा बाहेरच्या बटणाने बंद केला आणि पाण्याचा तांब्या आणायला त्या स्वयंपाकघरात गेल्या.

आत मिट्ट काळोख झाला. वाकलेल्या माणसाला वरचं दिसत नव्हतंच, आता खालचंही दिसेना. पायावरून काहीतरी सरकलं, ती दोरी असेल किंवा नसेलही. मग अगदी बारीक आवाजात लिफ्टवाले म्हणाले, "अगं, मला भीती वाटतेय. तू उठू नकोस, दाराशीच बस."

बाईंच्या हातातलं पेन थांबलं. लग्न होऊन इतकी वर्षं झाली. बाईंचं मोठं ऑपरेशन झालं तेव्हासुद्धा या माणसाने भीती हा शब्द तोंडातून काढला नव्हता. असलं वाक्य त्याला कोणी लिहून दिलं असतं तरी ते म्हणता आलं नसतं. उत्तरपत्रिका जमिनीवर पसरल्या, खुर्ची आडवी झाली, कडी निघाली. बाहेर आलेले लिफ्टवाले काटकोनात होते आणि त्यांच्या डोळ्यांतून खरोखरचं पाणी टपटपत होतं. बाई तशाच खाली बसल्या, म्हणजे तोंड बघता यावं, आणि नवऱ्याचे गाल पुसू लागल्या. आपल्याला कळलं कसं नाही, असं पुन्हापुन्हा म्हणू लागल्या. सिस्टर तांब्या घेऊन मागे उभ्या होत्या. एकदम जवळ जाऊ नका, असं त्यांनी हळूच सुचवलं.

दुसऱ्या दिवशी लिफ्टवाले पट्टा बांधून, अर्धे वाकून शूटिंगला गेले. ते वाकणं दिग्दर्शकाला इतकं आवडलं की प्रसंग एकाच दमात झाला. सुई टोचल्यावर ते कोसळले, ते बरेचसे मनापासून. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाईंनी त्या रात्री गोड केलं.

राहिल्या सिस्टर. दोघांनी त्यांना परोपरीने समजावलं. त्या सगळ्याला हो हो म्हणायच्या. जिन्यात भेटल्या की लिफ्टवाल्यांशी एकेक शब्द सुटा करून बोलायच्या आणि बाईंना मागे थांबवून, झोप लागते ना त्यांना, असं विचारायच्या. शेवटी सिनेमा लागला तेव्हा लिफ्टवाल्यांनी पहिल्याच दिवसाची तिकिटं काढली आणि सिस्टरना आपल्या दोघांच्या मध्ये बसवलं.

सिनेमा छान होता. नायक कोंडला गेला, ओरडला, सुटला. शेजारच्या कोठडीचं दार एकदा दिसलं. ते बंद होतं. कोणी बडवलं नाही. नावांची पाटी वर सरकून संपली, दिवे लागले, तरी लिफ्टवाले पडद्याकडेच बघत होते.

बाहेर आल्यावर सिस्टरनी त्यांच्या हातावर हात ठेवला. "मला तर तुमचंच काम सगळ्यात आवडलं," त्या म्हणाल्या.

बाईंनी एकदा नवऱ्याकडे पाहिलं. "मलासुद्धा," त्या म्हणाल्या.

सिस्टर पुढे गेल्यावर लिफ्टवाले थांबले. मग आवाज खाली आणून त्यांनी विचारलं, "मी काम केलं होतं ना गं?"

बाईंनी त्यांचा हात घट्ट धरला.

"केलं होतं," त्या एकेक शब्द सुटा करत म्हणाल्या. "खूप, छान, केलं होतं."