वर्गीसबाबांचं लदीन

वर्गीसबाब चहाला आले की आधी आमच्या कपाटाकडे जातात, स्वतः छापलेलं पुस्तक काढतात आणि त्याची पाठ बोटानं चाचपून बघतात. पाठ सरळ असली की चेहरा पडतो. "म्हणजे उघडुक नाय," एवढंच म्हणतात. मग चहा घशाखाली उतरत नाही, त्यांच्याही आणि माझ्याही. आमचं हिंदू घर. नोव्हेना, म्हणजे ख्रिस्ती लोकांची नऊ दिवसांची प्रार्थना, मी रोज कशाला वाचू? पण ते येताना दिसले की बायको धावते आणि दोन-तीन पुस्तकं कडकड मोडून ठेवते. एकावर तर तिनं मुद्दाम सोलकढी सांडली. तो डाग बघून बाब दोन दिवस खूश होते.

हा माणूस केरळातून तरुणपणी खांद्याला पिशवी लावून आला. फेस्ताच्या, म्हणजे चर्चच्या सणाच्या दिवशी चर्चबाहेर जपमाळा आणि संतांच्या तसबिरी विकायचा. इथे कोकणात, जामसंड्यात खोली घेतली, मालवणी शिकला. लग्न केलं नाही, कारण "जमलां नाय तर?" पुढे स्वतःच प्रार्थनेची पुस्तकं काढू लागला. प्रकाशन म्हणजे एक टेबल, एक छत्री आणि अखंड काळजी. छपाई घाटावर. पार्सल एसटीनं यायचं असलं की हे सकाळपासून स्टँडवर. "पावस इलो तर?" तेही ऐन जानेवारीत.

यंदा त्यांनी लदीनचं पुस्तक काढलं. लदीन म्हणजे मे महिन्यात वाडीतल्या क्रुसापुढे मेणबत्त्या लावून सगळ्यांनी मिळून गायची प्रार्थना. ती झाली की उकडलेले चणे. इथल्या ख्रिस्ती घरांतल्या पोरांना ती ऐकून ऐकूनच येते.

मी म्हटलं, "वर्गीसबाब, सगळ्यांका तोंडपाठ आसा. पुस्तक घेतलो कोण?"

"इसारले तर?" ते म्हणाले, आणि फुकट वाटायचं ठरवून मोकळे झाले.

त्या आठवड्यात त्यांना अन्न गोड लागेना. रोज येऊन विचारायचे, "उघडतले मां?" शेवटी मलाच धाकधूक व्हायला लागली आणि लदीनला मी त्यांच्यासोबत गेलो.

उकाड्यानं सदरा अंगाला चिकटला होता. बाबांनी प्रत्येकाच्या हातात पुस्तक दिलं आणि मागे येऊन माझ्याजवळ उभे राहिले. वाडीतलं लदीन सांगणारी म्हातारी कार्मेलीनबाय आमच्या पुढेच होती. तिनं सूर धरला आणि सगळे डोळे मिटून गाऊ लागले. बायका पुस्तकांनी वारा घेऊ लागल्या. एकानं तर पुस्तकाचा मेणबत्तीला आडोसा केला.

मी हळूच म्हटलं, "मनार घेव नकात. तेंका पाठ आसा."

"तां माका म्हायत आसा," बाब म्हणाले. "पाठ नाय तो मीच. माजी प्रार्थना मलयाळमातली. इतकी वर्सां हय नुसते ओठ हालयतंय. एकट्यानच कागद धरलो तर सगळे बघतले. म्हटलां, सगळ्यांच्याच हातात पुस्तक आसलां तर कोणाचां लक्ष जावचां नाय."

वाईट वाटलं, फार वाईट वाटलं.

कार्मेलीनबायनं कडवं संपवलं आणि ती थांबली. चष्म्याशिवाय तिला समोरची भिंत दिसत नाही, आणि चष्मा घरी होता. तरी मागे वळून तिनं विचारलं, "खंयच्या पानार आसा रे आता, वर्गीस?"

"बाराव्या," बाब म्हणाले.

"बारावां पान काढा गो सगळ्यांनी."

वारा घ्यायचं थांबलं. पानं उलटली. पुढच्या कडव्याला माझ्या शेजारून एक घोगरा आवाज लागला, सगळ्यांच्या जरा मागून येणारा. कार्मेलीनबायनं चाल संथ केली, तो येऊन पोचेपर्यंत.